दारातल्या चपला

प्रिय बालाजी,

तुझा मेसेज परवाच वाचला. मोबाईलवर उत्तर देववेना, म्हणून कागद घेतला. इकडे कुरुंद्यात हळद शिजायला लागली आहे, साऱ्या गावाला तो वास. शाळेत शिकवून येताना मी अजूनही तुमच्या आळीतून येत नाही, लांबचा वळसा घालते.

वारंगा फाट्याच्या हॉटेलात एकाच इअरफोनची एकेक वायर कानात घालून आपण इराणमधल्या नव्या पोरांच्या छोट्या फिल्म्स बघायचो, आठवतं? तिथं पडद्यावर बाईनं पुरुषाचा हात धरायचा नाही. म्हणून प्रेम दाखवायला ती पोरं रिकाम्या खुर्च्या दाखवायची, चहाचे दोन कप दाखवायची. तू म्हणायचास, आपल्या गावात तरी वेगळं काय आहे? तुमचं घर पाटलांचं, आमचं बौद्धवाड्यातलं. मग आपणही तशीच फिल्म काढली. चेहरे नाहीत, बोलणं नाही, फक्त तुमच्या दारात तुझ्या-माझ्या चपला आणि त्यांच्यावरून सरकणारं ऊन. मला खुळ्यासारखा आनंद झाला होता. तुमच्या उंबऱ्याशी माझं काहीतरी सकाळपासून होतं ना!

दुपारी तुझी आई बाहेर आली. कॅमेरा चालूच होता. झाडूच्या टोकानं माझ्या तेवढ्या चपला ढकलत तिनं मोरीपाशी नेल्या. रागानं नाही, रोजचं काम करावं तसं. मी तुझ्याकडे बघितलं, तर तू कॅमेऱ्यावरून डोळा काढला नाहीस. आई आत गेल्यावर नाचतच म्हणालास, "करुणा, काय शॉट भेटला! लिहून बी असं जमलं नसतं."

मी अनवाणीच घरी गेले. तुला वाटलं, पुढच्या शूटिंगसाठी चपला ठेवून गेले.

फिल्म चांगली झाली रे. पुण्यात लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते म्हणे. ऐकून अभिमान वाटला आणि रडूही आलं. तुझ्यावर धड रागावताही येत नाही, इतका जीव अजून आहे.

आता तू लिहितोस, मोठ्या महोत्सवासाठी शेवट बदलायचाय, चपला पुन्हा शेजारी आलेल्या दाखवायच्यात, एक दिवस येऊन जा. मी येणार नाही. पुढच्या महिन्यात माझं लग्न आहे, वसमतच्या रविंद्रशी. चपला तुझ्याकडेच आहेत, शॉट खुशाल घे. त्याला माझी गरज तेव्हाही नव्हती, बालाजी. त्या दिवशी आईदेखत, माझ्या चपला उचलायला, तू फक्त वाकायला हवं होतंस.

सवय जात नाही म्हणून शेवटचं,
तुझीच
करुणा