मधेच उठून गेलेला माणूस

प्रिय पिल-सू,

वांदो बेटावरून गी-छानचा नमस्कार. इथे वाळत घातलेल्या समुद्री शेवाळाला लागतंय तसं कडक ऊन तिकडे इन्चॉनला तुझ्या गुडघ्यांना लागो. वहिनींचा खोकला कसा आहे? (मुळ्याच्या फोडी मधात मुरवून ते पाणी त्यांना दे. तू पिऊ नकोस, तुला साखर आहे.)

आमच्या लेकीचं, युन-सुलचं कानावर आलंच असेल. सात वर्षं ती त्या पाच पोरींच्या कंपूत गात होती. जग वेडं झालं होतं, पण दर गाण्यात तिच्या वाट्याला ओळ एकच. (मला शिंक आली की तेवढ्यात ती होऊन जायची.) आता तिने एकटीचा पहिला अल्बम काढलाय. दहा गाणी, सगळी तिच्याच गळ्यातली, आणि आठवड्यात देशात पहिला नंबर. गावाने धक्क्यावर अभिनंदनाचा फलक लावला. त्यावर माझं नाव तिच्यापेक्षा मोठं आहे. (मी रंगाऱ्याला काही सांगितलं नव्हतं. फक्त शेजारी उभा होतो.)

घोळ घातला तो सातव्या गाण्याने. त्यात नऊ वर्षांची मुलगी शाळेच्या समारंभात पहिल्यांदा गाते आणि एक माणूस मधेच उठून निघून जातो. तो कोण, या प्रश्नाने बेटावर कुणाला चैन नाही. मला वाटलं, ज्याने केलं तो तोंड लपवेल. तर उलटंच! जो तो म्हणतो, तो मीच. सरपंच सांगतात, त्यांच्या पोटात कळ आली होती. मासळीवाली ओक-बुन विचारते, गाण्यात माणूस म्हटलंय, बाई माणूस नसते का? भर बाजारात दोघांची जुंपली. मी निवाडा करायला गेलो आणि तिच्या टोपलीतल्या माकुळ माशाचं काळं पाणी अंगावर घेऊन घरी आलो.

शेवटी लेकीलाच फोन लावला. म्हटलं, बाई, सांगून टाक एकदाचं.

"अप्पा, मलाच माहीत नाही," ती म्हणाली. "पाठमोरा दिसला. करडा कोट होता. त्या दिवशी ठरवलं, कुणाला उठावंसं वाटणार नाही असं गायचं. सापडला तर सांगा, मला त्याला पहिल्या रांगेत बसवायचंय." मग म्हणाली, "तुम्ही शेवटपर्यंत होतात ना?"

होतो तर, म्हणालो, आणि शेवाळ उलटायचंय म्हणून फोन ठेवला.

तुझा,
गी-छान

ता. क. करडा कोट तेव्हा गावात एकट्या तुझ्याकडे होता. पुढच्या महिन्यात सोलला तिचा कार्यक्रम आहे. पहिल्या रांगेचं तिकीट सोबत ठेवलंय. जा, आणि तो मीच म्हणून सांग.

आणखी एक ता. क. त्या दिवशी तू दाढ धरून घरी पडला होतास आणि कोट मी मागून नेला होता, हे तिला सांगू नकोस. आभाळ भरून आलं होतं रे, आणि अंगणभर शेवाळ पसरलेलं. तिचं दुसरं कडवं मी अजून ऐकलेलं नाही.

पाकीट चिकटवता चिकटवता: तिकीट काढून घेतलंय. तू कोट पाठव.