शार्क आणि विजयमालाचे स्थळ

४ फेब्रुवारी १९७३, रविवार
श्रीरामपूरला मॅटिनी, इंग्रजी सिनेमा. सौ. पुष्पावती सोबत. आमच्या विजयमालाला राहुरीकडच्या मुलाने पसंत केले आहे. नोकरी रत्नागिरीला, मत्स्यखात्यात. मुलीच्या आईला सिनेमात तरी समुद्र दिसावा, एवढाच हेतू. पडद्यावर शार्कने तीन माणसे खाल्ली. परतताना एस.टी.त सौ. गप्प. घाबरली. मी सायन्स शिकवतो, मला काही वाटले नाही.

६ फेब्रुवारी
शाळेतल्या पुस्तकात आहे, शार्क माणसाला क्वचितच धरतो. सिनेमावाले अतिशयोक्ती करतात. मात्र क्वचित म्हणजे वर्षातून किती? पुस्तक गप्प.

८ फेब्रुवारी
मुलाला पत्र टाकले, केवळ सौ.च्या समाधानासाठी. प्रश्न चौदा. क्वार्टर किनाऱ्यापासून किती फूट? भरतीचे पाणी कुठवर? इत्यादी.

१५ फेब्रुवारी
उत्तर आले. मुलगा सभ्य. सगळे सविस्तर. शेवटी लिहितो, इकडे शार्कला मुशी म्हणतात, बाजारात मिळते, बाळंतिणीला तिचे कालवण देतात. म्हणजे माणसेच शार्क खातात. निर्धास्त झालो.
सायं. ५. त्या मुशीने आधी कुणाला खाल्ले असेल तर? आणि ती विजयमालाच्या ताटात? पुन्हा पत्र. साखरपुडा पुढे ढकलावा. कारण दिले : मुलीच्या आईची मनःस्थिती.

२० फेब्रुवारी
मेव्हणे सूर्यभान आले. स्थळ त्यांनीच आणलेले. म्हणाले, दाजी, हितं टँकरमागं बाया पळत्यात, अन् तुमी तिकडं पानी लई हाय म्हनून सोयरीक मोडता व्हय? म्हणालो, मोडत नाही, चौकशी करतो. तुमच्या बहिणीला धीर द्या. सौ. चुलीपाशी हसली. म्हणाली, मी तर सिनेमात झोपले होते. येताना गप्प होते ते एस.टी. लागते म्हणून.
तरी स्त्रिया भीती लपवतात.

२७ फेब्रुवारी
मुलाच्या वडिलांचे कार्ड. मुलाचे कर्जतला ठरले. मुलीच्या आईच्या डोक्यावर परिणाम आहे, हे आधी सांगायला हवे होते, असेही लिहिले आहे. कार्ड उघडे. पोस्टमनने वाचले असणार, म्हणजे अख्ख्या सोनई गावाने वाचले.
खुलासा लिहायला बसलो. भीती तिला नव्हती, इथवर लिहिले. पुढचे वाक्य होईना.
विजयमाला म्हणाली, आण्णा, त्यांना चौदा प्रश्न विचारले, मला एक तरी विचारायचा.
आता विचारून उपयोग नाही. तरी विचारला. तिला रत्नागिरीला जायचे होते.