टमटम कुटुंबातली आई

४ फेब्रु.
टमटम कुटुंब. शाळेत असताना रविवारी सकाळी लागायचं. आता तेच कार्टून मोठ्यांसाठी, तिरकस करायचंय. पहिला भाग लिहायचं माझ्याकडे. अंधेरीला निर्मात्याच्या, समीरच्या ऑफिसात जुने सहा भाग पाहिले. बाबा, बंटी, चिंगी, कुत्रा मोती. आईला नाव नाही. बाबा 'अगं' म्हणतात, मुलं 'आई'.
समीर : "कुत्र्याला नाव आहे यार, बाईला नाही. इथूनच सुरू कर ना."

६ फेब्रु.
नाव दिलं. कुमुद. का, सांगता येत नाही.
लग्नाचा प्रसंग लिहिला. ताटात तांदूळ पसरलेले. बाबा अंगठीने बायकोचं नवं नाव लिहायला वाकतात. सुचत नाही. 'अगं' लिहितात. टाळ्या.
लिहिताना हसले.

९ फेब्रु.
मुलुंडला आईकडे. तिला लग्नाचा प्रसंग वाचायला दिला. चष्मा लावून शेवटपर्यंत वाचला. हसली नाही.
"कुमुद तुला कुणी सांगितलं?"
तिचं माहेरचं नाव. मला ती सुनंदा म्हणूनच ठाऊक. लहानपणी मामाच्या तोंडून ऐकलं असेल.
म्हटलं, नाव बदलते.
"नाव राहू दे. तांदळाचं काढ. तुझे बाबा महिनाभर विचार करत होते त्या नावाचा."
"तुला विचारलं होतं?"
"नाही." मग म्हणाली, "पण आवडलं होतं."
बाबा जाऊन चार वर्षं झाली. नक्की कुणाची थट्टा केली मी?

११ फेब्रु.
समीरला सगळं सांगितलं. "तोच प्रसंग झकास आहे. तो काढलास तर भागाची वाट लागली. काकूंना सांग ना, कार्टून आहे."
शुक्रवारी पाठवायचंय.
तांदळाशिवाय लिहून पाहिलं. नुसतं भाषण.

१२ फेब्रु.
आईचा फोन. भाजी काय केलीस, वगैरे. मग,
"ती कुमुद पुढे काय करते गं?"
"घर सोडते."
"आणि जाते कुठे?"
ते लिहिलंच नव्हतं. तसं सांगितलं.
"एवढी शिकलीस, आणि बाईला नुसतं दाराबाहेर काढलंस?"
चिडली होती, की तिला खरंच पुढचं हवं होतं?

शुक्रवार
समीरचे दोन फोन. उचलले नाहीत. शेवटी आईलाच विचारलं, तांदूळ ठेवू का?
"मला नको विचारूस. तिला विचार."
तिला म्हणजे कुणाला, हे विचारेपर्यंत तिने फोन ठेवला होता.
प्रसंग अजून आहे. पाठवलेला नाही.