पिवळ्या छत्रीच्या मागे

पोर्तो, १२ ऑक्टोबर

प्रिय आई,

आशीर्वाद असू द्या. तुम्ही पाठवलेले चेस्टनट पोचले. एकही किडका निघाला नाही, निवडताना तुम्ही किती वेळ बसला असाल ते कळलं. गुडघा कसा आहे? द्राक्षांची तोडणी संपली असेल, आता तरी दुपारच्या आडव्या होत जा.

माझं बरं चाललंय. शहर दाखवण्याचं काम अंगवळणी पडलं. सकाळी आम्ही सगळे गाइड चौकात रंगीत छत्र्या उघडून उभे राहतो आणि पाहुणे येऊन हवा तो निवडतात. आधी नाव नोंदवायला नको, काही नको. छत्री आवडली की चालू पडायचं तिच्या मागे. लाल छत्री भुताखेतांच्या गोष्टींची. निळी वाइनच्या कोठारांची, ती म्हातारा बाल्तझार धरतो. माझी पिवळी, जुन्या गल्ल्यांची. बाल्तझार मला चिडवतो, "सेलिया, तुझ्याकडे नवी लग्नं झालेली येतात, माझ्याकडे तहानलेली. माझीच पुन्हा येतात!"

हो, मागे एकदा तेल्मो आला होता. घोळक्यात मागे उभा राहून त्याने सगळं ऐकलं, शेवटी टाळ्याही वाजवल्या. मी पिवळी छत्री धरते हे त्याला कसं कळलं असेल? मी फक्त तुम्हालाच लिहिलं होतं. रागावले नाही, सहज विचारते.

तुमची,
सेलिया

---

पोर्तो, २९ ऑक्टोबर

आई,

तुमचं उत्तर मिळालं. "नवराच आहे तो. बायकोचं काम बघायला आला तर बिघडलं कुठे?" असं तुम्ही लिहिलंत.

मी तुम्हाला निम्मंच सांगितलं होतं. तो एकदा नाही, रोज येतो. तुमच्याकडे न्याहारी करून निघतो तो कामाला जात नाही, आई. इथे येऊन उभा राहतो. मागे असायचा, मग मधे आला, आता अगदी पुढे असतो. मला लोकांकडे तोंड करून उलटं चालावं लागतं, म्हणजे सगळा वेळ त्याच्याकडेच बघत. आणि पाहुण्याला नको म्हणायची आमच्याकडे सोय नाही. त्याने मला निवडलं की झालं.

नवऱ्यापासून पळालेल्या बायका घर बदलतात, कुलूप बदलतात. मी कधी कुठल्या गल्लीत असणार, हे चौकातल्या फलकावर पाच भाषांत लिहिलेलं असतं.

शेवटी मी बाल्तझारला सांगितलं. तो म्हणाला, "रडतेस काय? छत्री बदलू." सोमवारी तो माझी पिवळी घेऊन चौकात उभा राहिला आणि मी त्याची निळी घेऊन स्टेशनाच्या बाजूने निघाले. तेल्मो डोक्यांवरून पिवळा रंग बघत गेला असणार आणि पुढे त्याला बाल्तझारच्या मिशा दिसल्या असणार. मला इतकं हसू येत होतं! वाइनबद्दल मी वाटेल ते ठोकून दिलं आणि लोकांनी माना डोलावल्या.

पण आमच्या दोघांच्याही डोक्यात एक गोष्ट आली नाही. छत्री कुठलीही असो, शेवट दुमजली पुलाच्या वरच्या मजल्यावरच करायचा, ही आमची सगळ्यांची रीत. तिथून खाली नदी आणि अख्खं शहर दिसतं, पाहुणे खूश होऊन घरी जातात. माझे पाय आपोआप तिकडे वळले. तेल्मो कठड्याला टेकून ऐकत उभा होता.

"छान सांगतेस गं," तो म्हणाला. "वाइनमधलं ओ की ठो कळत नसताना."

मग त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि मला कठड्याकडे वळवलं. "इथून खाली पडलेल्या बाईची गोष्ट नाही सांगत कधी?"

"अशी काही गोष्ट नाहीये."

"अजून नाहीये," तो म्हणाला.

पाहुण्यांना आपली भाषा येत नाही. त्यांना वाटलं, जुना मित्र भेटला. कुणीतरी आमचा फोटोसुद्धा काढला. मीही हसले, आई. त्याचा हात खांद्यावर होता, म्हणून हसले.

मंगळवारी मी पोलिसांत गेले. तिथली बाई चांगली होती. तिने विचारलं, "पूर्वी कधी हात उचललाय? कुणी पाहिलंय?"

माझं मनगट मोडलं तेव्हा लाकडी पट्टी लावून फडक्याने तुम्हीच बांधलंत. दवाखान्यात मी तोंड उघडायच्या आत तुम्ही डॉक्टरांना म्हणालात, "जिन्यावरून घसरली पोर." तुमच्या घराला जिना नाही, आई.

तेव्हा मला राग आला होता, आता नाही येत. सासरे होते तेव्हा तुम्हीही कशाकशावरून घसरला असाल. ते मी कधी विचारलं नाही आणि तुम्ही सांगितलं नाहीत.

साक्षीदार म्हणून मी तुमचं नाव दिलंय, तुम्हाला न विचारता. शुक्रवारी ते तुमच्याकडे येतील. तेल्मो तेव्हा कदाचित तुमच्या स्वयंपाकघरात सूप पीत बसलेला असेल. तो तुमच्या पोटचा आहे, हे मी विसरलेले नाही. काय सांगायचं ते तुम्ही ठरवा. मला मात्र जगायचंय. मला फार भीती वाटते, रात्री जिन्यात पाऊल वाजलं तरी दिवा मालवते.

आणि त्याच्यासमोर बोलायची तुम्हालाही भीती वाटत असेल, तर काहीच बोलू नका. हे पत्र चुलीत घाला, दूध आणायला निघाल्यासारख्या घराबाहेर पडा आणि पहिली गाडी पकडून माझ्याकडे या. खोली एकच आहे, पलंगही एकच. पण दाराला आतून कडी आहे, आणि ती मी फक्त तुमचा आवाज ऐकून उघडेन.

तुमची वाट पाहणारी,
सेलिया