हाक मारली म्हणून

चारठाणा, सोमवार

ती. आईस,
तुला आन् आप्पांना शरणार्थ.

मी जेवून-खाऊन बरी हाय. तुझी कंबर कशी हाय? आप्पा गोळ्या घ्यायलेत का?

आमच्या वाफमोजणी मंडळीचं काम चालूच हाय. जादूची वाफ जागा बदलती, तशी आमी रोज नकाशावर तिची हद्द काढतो. ती वाफ छातीत गेली की माणसाचा आवाज जातो, हे तुला सांगितलंच होतं.

गुरुवारी माझी हद्द चुकली. माझ्या नकाशाच्या भरवशावर उभे असलेले आमच्या मंडळीतले महारुद्रकाका वाफेत अडकले. मी तोंड बांधून आत गेले, पण हातभर पुढचं दिसंना आन् फडक्यातून आवाज पोचंना. मग फडकं काढलं आन् तीनदा हाक मारली. त्यांनी माझा हात धरला. त्यांचं तोंड बांधलेलंच होतं, ते ठणठणीत हायेत. मला बघितलं की रडतात.

म्हणून तुझे फोन उचलले न्हाईत, आई. जाणती माणसं म्हणतात, गेलेला आवाज परत येत न्हाई. आप्पांना हळूच सांग.

हे पत्र वाचून झालं की फोन कर. मी उचलीन. घरचं सगळं सांग. मी गप राहिले तरी ठेवू नको.

तुझी,
शिवरंजनी