शांतीचा कोनाडा

दिग्रस, शनिवार संध्याकाळ, १९६२

आज नव्या घराचं गहाणखत पुन्हा वाचलं. सही करताना फक्त महिन्याचा हप्ता पाहिला होता. एकोणतीस रुपये, पगारातून जमेल, एवढंच वाटलं. आज वीस वर्षांचा गुणाकार केला. चार हजारांच्या कर्जाचे सात हजार होतात, चाळीस कमी. कापसाच्या जिनात दिवसभर रुईच्या गाठी मोजतो, आणि हे आधी का सुचलं नाही?

मंदाला सांगितलं. बायको आहे, चिडेल असं वाटलं होतं, पण पैशाचं ती बोललीच नाही. म्हणाली, "घर मोकळं होईन तवा आपली शांती केवढी राहीन?"

शांती, आमची पोरगी, आठ वर्षांची आहे. सकाळीच अर्ध्या बांधलेल्या भिंतीशी उभी राहून गवंड्याला सांगत होती, "काका, कोनाडा इथंच ठेवजा, माहा हात पुरला पाहिजे." पाटी ठेवणार आहे तिथं.

आठ आणि वीस. तेव्हा ती सासरी असेल. घर आमचं होईल त्या दिवशी कोनाड्यात काय असेल?

आत्ता जाताना गवंडी म्हणाला, "बाबूजी, कोनाडा लई खाली होऊन राह्यला. वर घेऊ काय?"

नको म्हटलं.