शुभंकरचा बर्फ आणि माझा उपास

कोरमंगला, बंगलोर
सोमवार, १७ फेब्रुवारी १९९७

चि. सौ. सुखदा हिला सासूचे अनेक आशीर्वाद.

इकडे सगळं ठीक. उन्हं आतापासूनच तापायला लागलीत. शेजारच्या शिवलीलाक्का काल पुन्हा विचारत होत्या, सून कधी येणार म्हणून. मी म्हटलं, माहेरी जरा विश्रांतीला गेलीय. सहा महिने कसली विश्रांती, ते काही त्यांनी विचारलं नाही.

शुभंकरला थोडी सर्दी आहे.

सर्दी नाही गं. तुझ्यापासून काय लपवायचं? काल त्याने पुन्हा तेच केलं. हेब्बाळच्या त्या गोदामात बर्फाच्या लाद्यांवर अनवाणी उभा राहिला, सगळा बर्फ वितळेपर्यंत. लोक बघून जातात, आणि माणूस किती सोसू शकतो याचा हा म्हणे शोध घेतो. हीच त्याची कला. मागच्या वेळी पायाची बोटं काळीनिळी पडली होती, तूच ती मांडीवर घेऊन बसली होतीस. नंतर तू बॅग भरलीस. पुन्हा असं झालं तर बोटं कापावी लागतील, असं डॉक्टरांनी बजावलं होतं.

म्हणून परवा मी सरळ सांगितलं, "तू बर्फावर असेपर्यंत मी पाण्याचा थेंब घेणार नाही." जन्मभर निर्जळी हरतालिका केलेली बाई मी, मला एका दिवसाचं काय? शिवाय मला शुगर आहे, हे तो जाणतो. वाटलं, ऐकेल. तर म्हणाला, "तुझी मर्जी, आई." हट्टाला माझ्यावरच गेलाय मेला.

काल सकाळी तो गेला आणि मी देवापुढे बसले. अकरापर्यंत तोऱ्यात होते. मग साखर उतरली, दरदरून घाम फुटला. सुखदा, तेव्हा मला ना त्याचा राग आला, ना देव आठवला. मला मरायची भीती वाटली. तशीच स्वयंपाकघरात गेले, उभ्याउभ्या साखरपाणी प्यायले. मग आदल्या रात्रीचा भात दह्यात कालवून खाल्ला. इतका छान लागला की जरा लाजच वाटली.

संध्याकाळी त्याचा मित्र रत्नाकर त्याला रिक्षाने घेऊन आला. पाय फडक्यांत गुंडाळलेले. दारातूनच विचारलं, "पाणी प्यायलीस?"

"प्यायले. जेवलेसुद्धा."

तो तिथेच खाली बसला आणि हमसून हमसून रडला. म्हणाला, "दिवसभर बर्फाकडे लक्षच नव्हतं गं. तुझं काय झालं असेल, एवढंच डोक्यात."

"मग उतरला का नाहीस?"

तो खाली वाकून पायांवरची फडकी सोडायला लागला.

डाव्या पायाच्या दोन बोटांना स्पर्श कळत नाही. उद्या डॉक्टर बघून काय ते सांगतील. तरी तो पुन्हा उभा राहील, हे मला कळून चुकलंय. आपण सोसलं की हा थांबेल, असं मी धरून चालले होते. उलट त्याच्या सोसण्याला सोबत मिळते. हे तू माझ्याआधी ओळखलंस. तेव्हा माझ्यासाठी म्हणून परत येऊ नकोस. तुला मनापासून वाटलं तरच ये, आणि नाही आलीस तरी तू माझीच आहेस.

तुझी,
यापुढे दोन्ही वेळा पोटभर जेवणारी
आई